बिनदुधाचे माचा-चेस्टनट मफिन: खड्डा, कडवटपणा आणि शेवाळी रंग कुठून येतो

पाथर्डी फाट्याजवळ राहणाऱ्या एका ताईंचा प्रश्न आहे. मुलगी पुण्याला शिकते, तिने दूध आणि दुधाचं सगळं बंद केलंय. तिथल्या कुठल्याशा कॅफेत तिने माचा-चेस्टनट मफिन (माचा म्हणजे जपानी हिरव्या चहाची बारीक पूड) खाल्ला आणि दिवाळीला घरी आल्यावर तसाच हवा म्हणून मागे लागलीय. ताईंनी दोनदा करून पाहिला. पहिल्या वेळी निम्मा मैदा, निम्मं शिंगाड्याचं पीठ, नारळाचं दूध, ताकाऐवजी म्हणून त्यात दोन चमचे व्हिनेगर आणि तीन मोठे चमचे माचा. बीटरने चांगलं दहा मिनिटं फेटलं. मफिन निघाले शेवाळाच्या रंगाचे, चिवट आणि कडू. दुसऱ्या वेळी हलके व्हावेत म्हणून खायचा सोडा वाढवला, तर ओव्हनमध्ये टम्म फुगले आणि बाहेर येईपर्यंत मधोमध खड्डा. घरात अंडं चालत नाही. ‘चुकतंय कुठे?’

ताई, दोनदा फसल्यावर इतकं बारीकसारीक लिहून विचारणाऱ्या माणसाचा हात सहसा चांगलाच असतो. मी नाशिकचाच. आधी वडिलांच्या भट्टीवर खारी-टोस्ट-नानकटाई केली, गेली सतराएक वर्षं घरच्याच किचनमधून केक-मफिनच्या ऑर्डरी करतो. तुमच्या प्रश्नात मला तीन वेगळी भांडणं दिसतात, आणि तुम्ही ती एकाच सोड्याने मिटवायला गेलात.

मुळातली अडचण अशी. आपल्याकडचे बिनअंड्याचे केक दुधाच्या जिवावर उभे असतात. अंडं काढलं की आपण दही घालतो, कंडेन्स्ड मिल्क घालतो, दूध पावडर घालतो. अंड्याचं काम दुधातली प्रथिनं करतात, दह्याची आंबटाई सोड्याला उठवते, दुधातली साखर वरून रंग आणते. आता दूधही काढलंत. राहिला मैदा, म्हणजे त्यातलं ग्लुटेन, पिठाला धरून ठेवणारं चिवट प्रथिन. आणि तोही तुम्ही निम्मा केलात, त्याजागी असं पीठ घातलंत ज्यात ग्लुटेनचा कणही नाही. मग फुगलेल्या मफिनला आतून धरून ठेवणार कोण? सोड्याने हवा भरता येते, भिंती बांधता येत नाहीत. म्हणून दूध कशाने बदलू असं विचारण्याआधी दूध तिथे काय काम करत होतं ते विचारायचं.

आता शिंगाडा. दुकानदाराने किंवा मोबाइलने तुम्हाला चेस्टनट म्हणजे शिंगाडा असं सांगितलं असणार, कारण शिंगाड्याला इंग्रजीत वॉटर चेस्टनट म्हणतात. नावापलीकडे दोघांचं नातं नाही. शिंगाडा तळ्यात पाण्यावर पसरणाऱ्या वेलीला येतो. चेस्टनट हे ओकच्या कुळातल्या मोठ्या झाडाचं फळ, थंड डोंगराळ भागातलं. आपल्या देशात हिमाचल, उत्तराखंड, काश्मीरकडे त्याची झाडं आहेत, नाशिकच्या बाजारात मात्र मी ताजं चेस्टनट कधी पाहिलेलं नाही. शिंगाड्याचं पीठ पाणी पितं आणि शिजलं की खळीसारखं चिकट होतं. उपासाचा शिरा करताना कढईत ते कसं एकदम गोळा होऊन उलथन्याला धरतं ते तुम्ही शंभरदा पाहिलं असेल. मफिनमध्ये नेमकं तेच झालं. चिवटपणाचा मोठा वाटा त्याचा, उरलेला त्या दहा मिनिटांच्या फेटण्याचा. लोणी-साखर फेटायची असते ती हवा धरायला. तेलाच्या मफिनला मैदा पडल्यावर पंधरा-वीस वेळा खालून वर उलटलं की पुरे. पिठाच्या लहानसहान गुठळ्या दिसल्या तरी दिसू द्यात.

चेस्टनट चवीला कसं लागतं म्हणाल, तर भाजलेलं रताळं आणि उकडलेला बटाटा यांच्या मधलं काहीतरी, मागून किंचित भाजक्या काजूचा वास. सुक्या मेव्यातलं नाव असलं तरी काजू-बदामासारखं तेलकट नसतं. शंभर ग्रॅममागे तेल दोन-तीन ग्रॅमच, बाकी पिष्ट आणि पाणी. म्हणूनच त्याचं पीठ एकट्याने केक उचलत नाही. इटलीत टस्कनीकडे ‘कास्तान्याच्चो’ म्हणून चेस्टनटच्या पिठाचा जुना पदार्थ आहे: पीठ, पाणी, ऑलिव्ह तेल, वरून रोझमेरी आणि चिलगोज्यासारख्या बिया. दूध नाही, अंडं नाही, फुगवणारंही काही नाही. आणि तो असतो जाड थालीपिठाएवढा चपटा. त्या लोकांनी पिठाचा स्वभाव ओळखून तो फुगवायचा नाद सोडला. आपल्याला मफिन हवाय, तर एकूण पिठाच्या चौथ्या हिश्शापुढे हे पीठ न्यायचं नाही. मी १६० ग्रॅम मैद्याला ५० ग्रॅम घेतो. गोडवा आणि वास त्यातून येतो, आणि दाताखाली येण्यासाठी उकडून सोललेल्या चेस्टनटचे तुकडे वेगळे घालतो. ती हवाबंद पाकिटं ऑनलाइन मिळतात. डब्यातली गोड चेस्टनट पेस्ट आली तर साखर बरीच कमी करावी लागते. बिनसाखरेची प्युरी वेगळी असते, म्हणून लेबल वाचा. कुणी डोंगरातून कच्ची आणून दिलीच तर सालीवर सुरीने फुलीसारखा छेद द्या, वीसेक मिनिटं उकडा आणि गरम असतानाच सोला. गार झाली की आतली तपकिरी पापडी सुटत नाही, आणि तीच कडू असते. हॉर्स चेस्टनट नावाचं जे दुसरं असतं ते विषारी आहे, खायचं नाही.

पुढे जाण्याआधी एक विचारतो, कारण उत्तर त्यावर अवलंबून आहे. मुलीने दूध का सोडलंय? पचत नाही म्हणून, तत्त्व म्हणून, की ॲलर्जी आहे म्हणून? पचत नसेल तर ट्रेला चुकून जुन्या लोण्याचं बोट लागलं तरी आभाळ कोसळत नाही. तत्त्व असेल तर तूपही नाही, मधही नाही. ॲलर्जी असेल तर मात्र भांडी, चाळणी, ब्रश सगळं धुऊन वेगळं ठेवायचं आणि प्रत्येक पाकिटाची मागची बाजू वाचायची. ॲलर्जीवाल्यांनी चेस्टनटचाही विचार करावा. काजू-बदामाची ॲलर्जी असेल किंवा रबराच्या हातमोज्यांनी, केळ्याने, किवीने अंगाला खाज येत असेल, तर चेस्टनटही त्रास देऊ शकतं. अशा वेळी आधी डॉक्टरांना विचारा.

हे मी फुशारकीने सांगत नाही, चुकून शिकलोय. बऱ्याच वर्षांपूर्वी एका लहान मुलाच्या वाढदिवसाचा केक होता, दुधाची ॲलर्जी आहे असं आईने स्पष्ट सांगितलं होतं. मी पुड्यावर ‘नॉन-डेअरी’ लिहिलेलं व्हिपिंग क्रीम वापरलं आणि निर्धास्त राहिलो. संध्याकाळी फोन आला, पोराच्या अंगावर गांधी उठल्या होत्या. औषधाने उतरल्या, पण मी रात्री तो पुडा दिव्याखाली धरून वाचला तेव्हा बारीक अक्षरात सोडियम केसिनेट लिहिलेलं होतं. ते दुधातलंच प्रथिन. आता आपल्याकडे लेबलवर ॲलर्जीचे घटक वेगळे सांगावे लागतात, दूध, सोया, सुका मेवा, ग्लुटेन वगैरे. समोरच्या मोठ्या अक्षरांवर जाऊ नका, ती ओळ शोधा. मार्गरीनच्या पुड्यावरही शोधा, काहींत दुधाचे घन पदार्थ असतात.

आता रंगाचं, माझ्या आवडीचं प्रकरण. माचाचा हिरवा म्हणजे पानातलं हरितद्रव्य. त्याच्या गाभ्यात मॅग्नेशियमचा एक अणू असतो. आंबट आणि उष्णता एकत्र आली की तो सुटून जातो आणि हिरव्याचा मळकट शेवाळी होतो. तुम्ही हे दर श्रावणात बघता. अळूचं फदफदं शिजवताना चिंचेचा कोळ पडला की हिरवेपणा कसा उतरतो! तुमच्या दोन चमचे व्हिनेगरने तेच केलं. बिनदुधाच्या बहुतेक पाककृतींत ‘दूध + व्हिनेगर = ताक’ हा तोडगा असतो. चॉकलेट केकला तो उत्तम, तिथे रंगाची पर्वा कुणाला? माचाला तो मारक आहे. लिंबूही नको.

मग आंबट नको तर सोडा घालू, असं वाटतं. पालकाला चिमूटभर सोडा टाकला की तो हिरवागार राहतो हेही खरं. पण चहाच्या पानात हरितद्रव्याबरोबर कॅटेचिन नावाची तुरट द्रव्यं भरपूर असतात, आणि सोड्याच्या संगतीत ती लालसर-तपकिरी होतात. काश्मिरी नून चहा कसा होतो आठवा. पानं हिरव्या चहाची, सोडा घालून खूप वेळ उकळतात, अर्क गडद लाल होतो आणि दूध पडलं की गुलाबी. म्हणजे जास्तीच्या सोड्याने तुमच्या दुसऱ्या घाण्याला खड्डा तर पाडलाच, शिवाय माचाचं हे असं करायला घेतलं, आणि वर साबणासारखी चव दिली. माचाला दोन्ही टोकं सोसत नाहीत. नुसती बेकिंग पावडर वापरायची, कारण तिच्यातलं आंबट आणि सोडा एकमेकांना पुरे होईल इतकेच मोजून घातलेले असतात. ताजी आहे का ते चमचाभर गरम पाण्यात टाकून बघा. सणसणून फेस आला पाहिजे. नुसती सुरसुरली तर नवा डबा आणा.

कडवटपणाचं गणित सोपं आहे: तीन मोठे चमचे म्हणजे साधारण १८ ग्रॅम, दुपटीहून जास्त. दहा मफिनला ८ ग्रॅम पुरतो. पण माचा कुठला तेही बघावं लागेल. खऱ्या माचाची झाडं तोडणीआधी तीनेक आठवडे आच्छादनाखाली सावलीत ठेवतात. सावलीत पान जास्त हिरवं होतं आणि तुरटपणा कमी राहतो. तोडल्यावर वाफ देतात, न वळता वाळवतात, शिरा-देठ काढतात आणि दगडी जात्यावर हळूहळू दळतात. जपानमध्ये उजी आणि निशिओ ही त्याची नावाजलेली गावं. उन्हातला साधा ग्रीन टी मिक्सरमध्ये फिरवून ‘माचा’ म्हणून विकला तर तो पिवळट आणि जास्त तुरट असणारच. पाकीट उघडल्यावर ओल्या गवताचा, किंचित समुद्राचा वास आला आणि रंग नव्या भाताच्या रोपासारखा असला तर माल बरा. वाळलेल्या गवताचा वास आला तर जुना. ‘सेरेमोनियल’ आणि ‘कलिनरी’ हे शब्द विकणाऱ्यांचे आहेत, जपानमध्ये त्यांचा कुठला सरकारी दर्जा नाही. भट्टीत घालायला सगळ्यात महागडा घेऊ नका, मधला घ्या. २०२४ पासून जगभर मागणी वाढल्याने भावही चढलेत. ३० ग्रॅमचा लहान डबा आणा आणि फ्रिजमध्ये घट्ट झाकणात ठेवा. आपल्या एप्रिलच्या उन्हाळ्यात ओट्यावर ठेवलेला माचा महिनाभरात उतरतो.

आता दूध कुठलं. नारळाचं दूध वाईट नाही, पण त्याचा वास माचाला झाकून टाकतो आणि घरी काढलेल्यात पहिल्या-दुसऱ्या पिळ्याप्रमाणे चरबी कमीजास्त होते, मग मोजमाप कशाचं करणार? ओटचं पातळ असतं, आधार देत नाही. काजूचं चवीला सुरेख आहे, पण प्रथिनाच्या बाबतीत सोया सगळ्यांच्या पुढे. अंडंही नसल्यामुळे मी तुम्हाला बिनसाखरेचं, बिनवासाचं सोयाच सांगेन. सोयाचा वास नको असेल तर निम्मं सोया, निम्मं काजूचं. तेल सूर्यफुलाचं घ्या. खोबरेल नको. दिवाळीच्या पहाटे आपल्या नाशिकला ते बाटलीत गोठलेलं असतं, आणि मिश्रणात गार दूध पडलं की त्याचे पांढरे मणी होतात.

दहा मफिनचं माझं माप असं: मैदा १६० ग्रॅम, चेस्टनटचं पीठ ५०, बारीक साखर ११०, माचा ८, बेकिंग पावडर ९ (सपाट दोन लहान चमचे आणि वर थोडी), पाव चमचा मीठ, तेल ७५ ग्रॅम, सोयाचं दूध २३० मिली, उकडलेल्या चेस्टनटचे हरभऱ्याएवढे तुकडे ९० ग्रॅम. वजनकाटा नसेल तर आधी तो घ्या, मग माचा. वाटीच्या मापाने चेस्टनटचं पीठ कधी दाबून भरलं जातं, कधी सैल, आणि पाण्याचा सगळा हिशेब बिघडतो. तुमच्या पाकिटातलं पीठ जास्त भरड किंवा कोरडं असेल तर दोनेक चमचे दूध जास्त लागेल. मिश्रण इडलीच्या पिठापेक्षा जरा घट्ट, चमच्यावरून गोळा होऊन ‘धप’ पडेल असं हवं.

माचाचं एवढं एक लक्ष देऊन करा. तो चाळून वाटीत घ्या आणि मेंदी भिजवतो तसा भिजवा: आधी दोन चमचेच दूध, चमच्याच्या पाठीने रगडून गुळगुळीत, तकतकीत लगदा, एकही गुठळी नको. मगच बाकीचं दूध हळूहळू. थेट सगळ्या दुधात टाकलात तर हिरवे मणी तरंगतात आणि खाताना एखादा घास कडूजहर लागतो. दूध साध्या तपमानाचं घ्या, गरम नको. मग त्यात साखर आणि तेल, साखर विरघळेपर्यंत ढवळा. कोरडं सगळं दोनदा चाळून त्यावर घाला, चेस्टनटचे तुकडे चमचाभर मैद्यात घोळवून शेवटी. लगेच साच्यात भरा, पाऊण भागापर्यंत. बेकिंग पावडर पडलेलं मिश्रण ओट्यावर वाट बघत ठेवायचं नसतं.

ओटीजी (घरचा छोटा विजेचा ओव्हन) पंधरा मिनिटं आधी तापवा. मी १७० वर २० ते २२ मिनिटं भाजतो. मफिनला एरवी १९० सांगतात, पण चेस्टनटच्या पिठात स्वतःची साखर असते, ते वरून लवकर करपतं, आणि जास्त आचेने हिरवाही जातो. शेवटच्या पाच-सात मिनिटांत वर फॉइल सैलसर टाका. पहिली पंधरा मिनिटं दार उघडायचं नाही, मुलगी कितीही घाई करो. आणि ओटीजीच्या तापमानाच्या काट्यावर विश्वास ठेवू नका: माझा पहिला ओटीजी १८० दाखवायचा आणि आत २०५ असायचं. मी महिनाभर स्वतःलाच दोष देत होतो. आत टांगायचा थर्मामीटर स्वस्त असतो. काडी घालून बघताना ती चेस्टनटच्या तुकड्यात घुसली तर ओली निघते, म्हणून दोन ठिकाणी बघा. काढल्यावर पाच मिनिटांत साच्यातून जाळीवर, नाहीतर बूड घामेजतं.

रंगाबद्दल आधीच सांगून ठेवतो. एवढं करूनही आतला रंग पोपटी येणार नाही, शांत पिस्त्याचा येईल. चेस्टनटचं पीठ मुळात फिकट तपकिरी असतं. कॅफेतला झगझगीत हिरवा दिसला असेल तर त्यात रंग असू शकतो. घरच्या घाण्याची त्याच्याशी तुलना करू नका. झाल्यावर दिवाळीच्या तबकात खिडकीशी मांडूनही ठेवू नका, उजेडाने हिरवा आणखी उतरतो. बंद डब्यात दोन दिवस चांगले राहतात, चेस्टनटमुळे तिसऱ्या दिवशी कोरडे पडू लागतात. जास्त केलेत तर गार झाल्यावर फ्रीजरमध्ये टाका. एका मफिनमध्ये साधारण अर्ध्या कप चहाइतकं कॅफिन जातं, म्हणून घरात लहान मुलं असतील तर त्यांना रात्री नको.

चेस्टनट मिळालंच नाही तर? रताळं. ही पळवाट नव्हे. जपानमध्ये नववर्षाच्या जेवणात ‘कुरी किंतोन’ म्हणून पदार्थ असतो, त्यात रताळ्याच्याच गोड लगद्यात चेस्टनट घोळवलेली असतात. म्हणजे या दोघांची सोयरीक त्यांनीच जुळवलेली आहे. रताळं उकडू नका, पाणी धरतं. सालीसकट भाजा, गार करून चौकोनी तुकडे करा, ९० ग्रॅम. चेस्टनटच्या पिठाजागी ३० ग्रॅम मैदा आणि २० ग्रॅम काजूची पूड, आणि दूध २०० मिलीवर आणा. काजूची पूड घालणार असाल तर ॲलर्जीचं मघाशी म्हटलं ते लक्षात असू द्या. मुलीला न सांगता दिलंत तर ओळखेल, सांगून दिलंत तर आवडेल.

सगळा घाणा एकदम लावू नका. मुलगी यायच्या आधीच्या रविवारी अर्ध्या मापात पाच करा, एक १८ मिनिटांनी, एक २० ला, एक २२ ला उघडून बघा. तुमच्या ओटीजीचा आकडा तुम्हालाच सापडेल, तो मला इथून सांगता येणार नाही. आणि ते उरलेलं शिंगाड्याचं पीठ टाकून देऊ नका. दिवाळीनंतर कार्तिकी एकादशी आहेच. शेंगदाण्याच्या तेलावर मंद भाजून, गुळाच्या पाण्यात शिरा करा, तुपाची आठवण येते थोडी, पण मुलीलाही चालेल.